सम्राट कार्ल: दुर्दैवी की कच्चं लिंबू?

फिरस्ता७२

मंडळी,

मागच्या महिन्यात पोर्तुगालच्या मदेरा बेटावर जाऊन आलो. लिस्बनपर्यंत जाणं होतंच, मुलगी म्हणाली चार दिवस तिकडेही काढू. फुंशालहून केबल कारने वर माँतेला गेलं की पुष्कळ पायऱ्या चढून एक पांढरं, दोन मनोऱ्यांचं चर्च लागतं. बहुतेक जण तिथे येतात ते पायऱ्यांच्या पायथ्याशी सुटणाऱ्या वेताच्या घसरगाड्यांसाठी. दोघे जण मागे धरून ती टोपली उतारावर सोडतात. आम्हीही त्याच रांगेत होतो, पण पाऊस आला म्हणून चर्चमध्ये शिरलो. आत बाजूला गाभाऱ्यासारखी एक छोटी खोली, त्यात धातूची शवपेटी आणि तिच्यापाशी लाल-पांढऱ्या-हिरव्या फितींचा ढीग. नाव वाचलं तेव्हा ट्यूब पेटली. ऑस्ट्रिया-हंगेरीचा शेवटचा सम्राट, पहिला कार्ल. पाच कोटींच्या वर प्रजा असलेला हा माणूस १ एप्रिल १९२२ ला, वयाच्या ३४ व्या वर्षी, न्यूमोनियाने इथे गेला. मागे गरोदर बायको झिटा आणि सात मुलं.

घरी आल्यावर जमेल तसं वाचून काढलं. आधीचा फ्रान्झ योजेफ १८४८ पासून ६८ वर्षं गादीवर होता. नोव्हेंबर १९१६ मध्ये तो गेला आणि ऐन महायुद्धात हा बसला. याला मिळाली जेमतेम दोन वर्षं. निम्मे लेखक याला संत म्हणतात, निम्मे बावळट. लहानपणी खेळात कच्चं लिंबू असायचं ना, खेळतंय पण मोजायचं नाही, तसा काही जणांना हा वाटतो. तर प्रश्न असा: याच्या जागी दुसरा कोणीही असता तरी राज्य बुडालंच असतं, की याने बुडवलं?

तिरकस

सहाशे वर्षांचं दुकान, दोन वर्षांत शटर खाली. नातवंडांच्या पिढीला दोष देण्याची परंपरा आपल्याकडेच आहे असं वाटलं होतं.

मनमोकळी

छान धागा. माझी कबुली: सारायेवोत गोळी लागलेला फ्रान्झ फर्डिनंड हाच शेवटचा, असं मी आजवर समजत होते. शाळेत युद्ध सुरू झालं की त्या घराण्याचा धडा संपायचा. हा कार्ल त्याचा कोण?

इतिहासमास्तर

मनमोकळीताई, पुतण्या. फ्रान्झ योजेफचा चुलत नातू. जन्म १८८७. फर्डिनंडचं लग्न घराण्याच्या हिशेबात कमी कुळातल्या मुलीशी झालेलं, त्यामुळे त्याच्या मुलांना गादी नव्हती. २८ जून १९१४ ला तो गेला आणि सव्वीस वर्षांचा हा घोडदळातला अधिकारी एका दुपारी वारस झाला. राज्य चालवण्याचं शिक्षण म्हणाल तर नावापुरतं.

फिरस्ताकाका, तुमच्या प्रश्नाला माझं उत्तर असं की जहाजाला भोक आधीच होतं, पण कार्लने एक गाठ स्वतःच्या हाताने मारून घेतली. ती लोक विसरतात. ३० डिसेंबर १९१६ ला, गादीवर येऊन सहा आठवडे होत नाहीत तोच, तो बुडापेस्टला राज्याभिषेक करून घ्यायला गेला. सोहळा जोरदार. हंगेरीच्या सगळ्या जिल्ह्यांतून आणलेल्या मातीचा ढिगारा, त्यावर घोडा चढवायचा आणि चारही दिशांना तलवार फिरवायची. मुकुट ठेवताना प्रधानमंत्री टिसा बाजूला. चार वर्षांचा ओटो हे सगळं बघतोय. पण त्याबरोबर शपथही होती: हंगेरीच्या भूमीचा एक तुकडाही जाऊ देणार नाही, तिची घटना बदलणार नाही.

आता बघा गोम. हे राज्य म्हणजे दोन वाडे, एक मालक. ऑस्ट्रियाचा वाडा आणि हंगेरीचा वाडा. क्रोएट, स्लोव्हाक, ट्रान्सिल्व्हेनियातले रोमेनियन हे सगळे हंगेरीच्या वाड्यातले. त्यांना स्वायत्तता द्यायची तर हंगेरीला हात लावावा लागणार, आणि शपथ तर झालेली. १६ ऑक्टोबर १९१८ ला त्याने जाहीरनामा काढला की साम्राज्य हे लोकसमूहांचं संघराज्य होईल. मात्र फक्त ऑस्ट्रियाच्या बाजूचं! चेकांना संघराज्य मिळणार आणि त्यांचे स्लोव्हाक भाऊ पलीकडच्या वाड्यातच राहणार. कोण ऐकणार? १२ दिवसांत प्रागमध्ये चेकोस्लोव्हाकिया जाहीर झालं, दुसऱ्या दिवशी झाग्रेब सुटलं, ३१ ला बुडापेस्टमध्येच क्रांती झाली आणि त्या दिवशी टिसाला त्याच्या घरात गोळ्या घातल्या.

नाणेघाट

मास्तरांच्या 'दोन वाड्यां'चा पुरावा माझ्या अल्बममध्ये आहे. माझा छंद जुन्या नोटांचा. ऑस्ट्रिया-हंगेरीच्या क्रोनच्या नोटेची एक बाजू जर्मन, आणि त्या बाजूला आणखी आठ भाषांत रक्कम लिहिलेली: चेक, पोलिश, युक्रेनियन, इटालियन, स्लोव्हेन, क्रोएशियन, सर्बियन, रोमेनियन. आपल्या नोटेवर उभी पट्टी असते ना, अगदी तसं बघून बरं वाटतं. मग नोट उलटायची. दुसऱ्या बाजूला फक्त हंगेरियन. बाकी कोणाला जागाच नाही.

आपल्या नोटेवर हिंदी-इंग्रजी धरून सतरा भाषा आहेत आणि आपण अजून एकत्र आहोत, हे मी पाहुण्यांना दरवेळी ऐकवतो.

तिरकस

नाणेघाटभाऊ, पाहुणे परत येतात का?

नाणेघाट

पहिल्यांदा येणारे येतात. :)

वकिलीणबाई

माझा नवरा इतिहासवेडा, मी दिवाणी वकील. त्यामुळे मला या गोष्टीतला सगळ्यात रंजक भाग तो ११ नोव्हेंबर १९१८ चा कागद वाटतो. 'कार्लने राज्यत्याग केला' असं पुष्कळ ठिकाणी छापतात. ते चूक आहे.

मंत्री कागद घेऊन शनब्रुन राजवाड्यात आले. जर्मनीचा कैसर दोन दिवसांपूर्वीच गेलेला, रस्त्यावर जमाव, राजवाड्याचे पहारेकरी पांगलेले. कागदात दोन वाक्यं महत्त्वाची. एक, जर्मन-ऑस्ट्रिया पुढे ज्या प्रकारचं राज्य ठरवेल तो निर्णय मी आगाऊ मान्य करतो. दोन, राज्यकारभारातला माझा सगळा सहभाग मी सोडतो. बास. गादी सोडतो, हक्क सोडतो असा शब्द नाही. आमच्या भाषेत सांगायचं तर त्याने वहिवाट सोडली, हक्कसोडपत्र केलं नाही. झिटाला आधी तो राज्यत्यागच वाटला आणि ती कडाडली, असं तिच्या चरित्रांत येतं. समजावून सांगितल्यावर कार्लने सही केली. पेन्सिलीने!

दोन दिवसांनी एकार्टसाउच्या शिकारवाड्यावर हंगेरीसाठी तसाच दुसरा कागद झाला.

आता माझं मत. 'आगाऊ मान्य करतो' हे वाक्य जाऊ द्यायला नको होतं. समोरच्याला कोरा चेक दिलात आणि वर म्हणालात खातं माझंच आहे. १२ तारखेला त्यांनी प्रजासत्ताक जाहीर करून तो चेक वटवलाही.

कोकणकडा

वकिलीणबाईंचा प्रतिसाद झकास. पण तुम्ही सगळे त्या माणसाला फार सांभाळून घेताय. सिक्स्टस प्रकरण कोणी काढलंच नाही.

१९१७ च्या मार्चमध्ये कार्लने शत्रूशी गुपचूप तह करायचा प्रयत्न केला. मध्यस्थ कोण, तर दोन मेहुणे. झिटाचे भाऊ सिक्स्टस आणि झेवियर, जे बेल्जियमच्या सैन्यात होते! स्वित्झर्लंडमार्गे त्यांना लपतछपत व्हिएन्नाजवळच्या लाक्सेनबुर्गला आणलं आणि २४ मार्चचं पत्र हातात दिलं. त्यात लिहिलं की अल्सेस-लोरेनवरचा फ्रान्सचा दावा न्याय्य आहे आणि मी त्याला पाठिंबा देईन. अल्सेस-लोरेन कोणाचं होतं? जर्मनीचं. म्हणजे दोस्ताची जमीन परस्पर शत्रूला. आणि इटलीला हवं होतं ते टायरोल, जे याच्या स्वतःच्या मालकीचं, तिथे मात्र हात आखडता. १९१५ च्या लंडनच्या गुप्त करारात इटलीला ते कबूल झालेलं होतं, त्यामुळे तह अडला तो तिथेच.

बरं, फसलं तर फसलं. एक वर्षाने त्याचाच परराष्ट्रमंत्री चेर्निन जाहीर भाषणात फुशारकी मारतो की तहासाठी फ्रान्सच आमच्या दारात आला होता. फ्रान्सचा पंतप्रधान क्लेमांसो म्हणाला, खोटं बोलतो. आणि १२ एप्रिल १९१८ ला मूळ पत्रच छापून टाकलं. मग कार्लने काय करावं? गप्प बसावं की नाही? त्याने चक्क नाकारलं. जगासमोर खोटा पडला. चेर्निन राजीनामा देऊन मोकळा, आणि मे महिन्यात हा जर्मन मुख्यालयात, स्पा गावी, कैसरची माफी मागायला. तिथे जर्मनीशी आणखी घट्ट बांधून घेतलं. त्या उन्हाळ्यात मित्रराष्ट्रांनी ठरवलं की याला वाचवण्यात अर्थ नाही, आणि चेकांच्या परदेशातल्या समितीला मान्यता दिली.

तेलही गेलं, तूपही गेलं. दुर्दैव कसलं त्यात?

मनमोकळी

थांबा थांबा, बायकोचे भाऊ शत्रूच्या सैन्यात?

कोकणकडा

दोघे तिकडे, आणि आणखी तिघे भाऊ ऑस्ट्रियाच्या सैन्यात. पार्माच्या ड्यूकला दोन लग्नांतून २४ मुलं. झिटा सतरावी. सगळ्या बाजूंना पुरतील एवढे.

तिरकस

राखीपौर्णिमेला काय हाल होत असतील.

इतिहासमास्तर

कोकणकडा, घटनाक्रम बरोबर, निष्कर्ष नाही पटला. १९१७ मध्ये युद्ध थांबवायचा खरा प्रयत्न केलेला गादीवरचा माणूस कोण होता, दुसरा दाखवा. व्हिएन्नात पावाचं रेशन आक्रसत चाललेलं, जानेवारी १९१८ ला लाखो कामगार संपावर. धरलं तर चावतं, सोडलं तर पळतं अशी त्याची जर्मनीशी मैत्री. त्याने सेनापती कॉनराडला हलवलं, १९१४ पासून बंद असलेली संसद मे १९१७ मध्ये पुन्हा भरवली, फाशी सुनावलेल्या चेक पुढाऱ्यांना जुलैत माफी दिली, सैन्यातली द्वंद्वयुद्धं बंद केली, समाजकल्याणाचं स्वतंत्र खातं काढलं. हे सगळं चांगलंच होतं, पण यातलं जवळजवळ प्रत्येक काम दहा वर्षं उशिरा झालं. तो उशीर म्हाताऱ्या फ्रान्झ योजेफचा. बिल याच्या नावावर.

कोकणकडा

आणि ऑक्टोबर १९१७? इटलीविरुद्धच्या कॅपोरेटोच्या आघाडीवर विषारी वायू सुटला तेव्हा ऑस्ट्रियाच्या बाजूचा सरसेनापती कोण होता? स्वतः कार्ल. वायू जर्मन तुकड्यांचा होता, मान्य. पण 'शांततेचा सम्राट' म्हणून आरती ओवाळताना हे ताटात असू द्या.

इतिहासमास्तर

असू द्या. नाकारत नाही.

व्हिएन्नाकर

इथे एकोणीस वर्षं राहतोय, म्हणून दोन शब्द. पहिलं, उच्चार. इथे तिला 'झिटा' म्हटलं तर लोक गोंधळतात. सुरुवातीचा वर्ण आपल्या 'चमचा'तला च. पण मराठीत 'चिटा' लिहिलं तर सगळे चिमणीचा च वाचतील, त्यामुळे झिटाच राहू द्या, मलाही दुसरा उपाय सुचत नाही.

दुसरं, इथल्या लोकांना कार्लबद्दल विचारून बघा. फ्रान्झ योजेफची बायको सिसी, तिच्या नावाने चॉकलेटं, मग, छत्र्या सगळं विकतात. फ्रान्झ योजेफच्या मिश्या तर प्रत्येक दुकानात. कार्लचं काहीच नाही. माझ्या ऑफिसातल्या एका खाशा व्हिएन्नाकराने खांदे उडवून 'तो शेवटचा' एवढंच सांगितलं. हंगेरियन मात्र बऱ्यापैकी आठवण ठेवतात, काकांनी पाहिलेल्या फितींचे रंग त्यांच्याच झेंड्याचे.

मांडवीकाठी

धागा उशिरा पाहिला. मदेरा म्हटल्यावर आम्हा गोंयकारांना राहवतं होय, एकाच मालकाची दोन कुळं आम्ही!

वर कोणीतरी संत म्हटलंय, ते अजून नाही. कार्ल 'धन्य' आहे, म्हणजे संतपदाच्या आधीची पायरी, संत नाही. ३ ऑक्टोबर २००४ ला पोप जॉन पॉल दुसरे यांनी त्याला धन्य जाहीर केलं. फरक आमच्या घरात लहान पोरांनाही ठाऊक, कारण आमचे जुझे वाझ बाब १९९५ ला कोलंबोत धन्य झाले आणि संत व्हायला २०१५ उजाडलं. मधली वीस वर्षं माझी आजी रोज रोझरीत त्यांचं नाव घ्यायची.

त्या पोपांचे वडील ऑस्ट्रियाच्या सैन्यात होते हेही लक्षात घ्या. पोपांचं स्वतःचं नाव कारोल, म्हणजे कार्लच. कार्लचा सणाचा दिवस धरलाय २१ ऑक्टोबर. एरवी मरणाचा दिवस घेतात, इथे लग्नाचा घेतला. त्याचं आणि झिटाचं लग्न २१ ऑक्टोबर १९११ चं. हे मला फार आवडतं.

तिरकस

चमत्कार कोणता दाखवला म्हणे? साम्राज्य एका पंधरवड्यात गायब करणं?

मांडवीकाठी

ब्राझीलमधल्या एका वयस्क सिस्टरचे पायाच्या शिरांचे जुने दुखणे बरे झाले. हसायचं तर हसा, पण ज्याला व्हेरिकोज व्हेन्स आहेत त्याने हसू नये.

तिरकस

मला आहेत. गप्प बसतो.

शेपूचीभाजी

दुसरा बाजीराव आठवला. ३ जून १८१८ ला माल्कमच्या स्वाधीन झाला, वर्षाला आठ लाख घेऊन बिठूरला गेला. बरोबर शंभर वर्षांनी कार्ल. मदेरा म्हणजे त्याचं बिठूर.

इतिहासमास्तर

शेपूताई, शंभर वर्षांचा आकडा गोड आहे पण जोडी जमत नाही. बाजीरावाने अटी मान्य केल्या, पेन्शन घेतली आणि १८५१ पर्यंत जगला. कार्लने यातलं काहीच केलं नाही.

जवळचं उदाहरण हवंच असेल तर साताऱ्याचे प्रतापसिंह महाराज. कंपनीने त्यांना सांगितलं, आरोप मान्य असल्याच्या कागदावर सही करा, गादी राहील. त्यांनी सही केली नाही. १८३९ ला पदच्युत, काशीला रवानगी, १८४७ ला तिथेच गेले. कार्लपुढेही १९१९ च्या मार्चमध्ये चान्सलर रेनरने हेच मांडलं होतं: रीतसर राज्यत्याग कर आणि सामान्य नागरिक म्हणून ऑस्ट्रियात राहा, नाहीतर देश सोड, नाहीतर नजरकैद. त्याने देश सोडला. स्वित्झर्लंडची हद्द ओलांडण्याआधी फेल्डकिर्खला निषेधाचा जाहीरनामा केला, म्हणजे वकिलीणबाईंचा तो कोरा चेक परत मागितला. उत्तर म्हणून ३ एप्रिल १९१९ चा हॅब्सबर्ग (म्हणजे याच घराण्याचा) कायदा आला: हद्दपारी आणि मालमत्ता जप्त.

कोकणकडा

देश सोडतानाचा एक किस्सा सांगतो, भांडण बाजूला ठेवून. त्यांना आगगाडीने सुखरूप बाहेर काढायला ब्रिटिशांनी एक अधिकारी पाठवला होता, कर्नल स्ट्रट. सम्राटाला चोरासारखं जाऊ देणार नाही, असा त्याचा हट्ट. हाच स्ट्रट पुढे १९२२ च्या ब्रिटिश एव्हरेस्ट मोहिमेचा उपनेता. दार्जिलिंगमार्गे ते वर जात होते त्याच वसंतात इकडे मदेरात कार्ल गेला. आम्हा डोंगरवाल्यांना स्ट्रट माहीत असतो तो एव्हरेस्टमुळे, दोन्ही माणसं एकच हे मला गेल्या वर्षी कळलं.

शेपूचीभाजी

अरे वा! आणि अवांतराला अवांतर: कार्लचा काका फर्डिनंड जानेवारी १८९३ मध्ये मुंबईत येऊन गेला होता, जगाच्या सफरीवर. पुढे हैदराबादकडे जाऊन शिकारी केल्या. शिकारीचं त्याला वेडच होतं.

मनमोकळी

स्वित्झर्लंडवरून मदेराला कसा पोचला पण? तिथेच का नाही राहिला?

फिरस्ता७२

ते मी सांगतो, कारण याच भागासाठी मी रात्री जागवल्या आहेत.

हंगेरीत १९२० पासून पुन्हा राजेशाही होती, फक्त राजा नव्हता. कारभारी होता ॲडमिरल होर्टी, जुन्या साम्राज्याच्या आरमाराचा शेवटचा प्रमुख. समुद्र नसलेल्या देशाचा ॲडमिरल आणि राजा नसलेल्या राज्याचा कारभारी, हा विनोद तेव्हापासूनचा. हाच होर्टी नोव्हेंबर १९१८ मध्ये शनब्रुनला कार्लसमोर रडत शपथ घेऊन गेला होता की तुम्हाला परत आणल्याशिवाय स्वस्थ बसणार नाही. हे झिटा पुढे सांगायची.

१९२१ च्या ईस्टरला कार्ल खोट्या पासपोर्टवर ऑस्ट्रिया ओलांडून हंगेरीत शिरला आणि थेट बुडापेस्टला होर्टीच्या पुढ्यात उभा राहिला. होर्टी जेवत होता. कार्ल म्हणाला, आलो, आता दे. दोन तास बोलणं झालं. होर्टीने दिलं नाही. शेजारचे देश चढाई करतील, ही वेळ नव्हे, वगैरे. यात तथ्य नव्हतं असं नाही, चेकोस्लोव्हाकिया आणि युगोस्लाव्हिया खरोखर टपलेले होते. पण चटक लागलेला माणूस खुर्ची सोडतो का?

ऑक्टोबरात दुसरा प्रयत्न. या वेळी झिटा बरोबर, पोटुशी. २० तारखेला स्वित्झर्लंडहून एका छोट्या विमानाने उडाले आणि पश्चिम हंगेरीतल्या एका शेतात उतरले. सोप्रोनच्या पलटणी त्याच्या बाजूने आल्या. मग सैनिक भरलेल्या आगगाड्या बुडापेस्टकडे निघाल्या, आणि इथे माझं डोकं फिरतं. राजधानी गाठायची घाई असताना वाटेत स्टेशनास्टेशनावर स्वागत, शपथा, प्रार्थना. होर्टीला सैन्य आणि विद्यार्थी गोळा करायला वेळ मिळाला. २३ ला बुडाओर्शला गोळीबार झाला, माणसं पडली, आणि कार्लने आपल्यासाठी रक्त नको म्हणून थांबवलं. दोघांना आधी टाटाला आणि मग बालाटोन सरोवराकाठच्या तिहान्यच्या मठात ठेवलं. डॅन्यूबवरून ब्रिटिश नौकेने खाली, मग कार्डिफ नावाच्या युद्धनौकेने १९ नोव्हेंबरला फुंशाल. मागे हंगेरीच्या संसदेने घराण्याला पदच्युत केलं.

मदेरात सुरुवातीला हॉटेल, पैसे संपल्यावर वर माँतेला कोणाचा तरी उन्हाळी बंगला. फुंशालला ऊन असतं तेव्हा माँतेला धुकं असतं, हे आम्ही स्वतः अनुभवलं. मार्चमध्ये एका मुलाचा वाढदिवस होता म्हणून कार्ल खाली गावात खेळणं आणायला गेला आणि सर्दी घेऊन आला. डॉक्टरला बोलवायचे टाळले, खर्च नको म्हणून. तीन आठवड्यांत संपलं. आठवं मूल दोन महिन्यांनी माद्रिदला जन्मलं.

मनमोकळी

खेळण्याचं वाचून कसंतरी झालं. मी याच्या बाजूने.

कोकणकडा

काका, तुम्ही मलाही हलवलंत. पण बघा, स्टेशनावर थांबून प्रार्थना करणारा माणूस राज्य परत मिळवतो का? आणि मिळवू नये असं वाटत असेल तर विमानात बसतो कशाला? माझा आक्षेप नेमका हाच. प्रत्येक गोष्ट अर्धी.

वकिलीणबाई

अर्धी नसलेली एक बाई होती त्या घरात. झिटा २९ व्या वर्षी विधवा झाली आणि पुढची ६७ वर्षं काळ्या कपड्यांत राहिली. स्पेनमध्ये समुद्रकाठी, मग बेल्जियम, १९४० ला जर्मन आले तसं तिथूनही पळून अमेरिका आणि कॅनडातलं क्वेबेक. आठ मुलं शिकवली. ओटोला रोज राजपुत्राचा अभ्यास, प्रजेच्या भाषांसकट.

ओटोने शेवटी १९६१ मध्ये रीतसर हक्कसोडपत्र दिलं, तेव्हा कुठे त्याला ऑस्ट्रियाचं दार उघडलं, तेही कोर्टकज्जे होऊन १९६६ ला. झिटाने सही केलीच नाही. मुलीच्या अंत्यविधीला जाता आलं नाही तरी नाही. अखेर १९८२ मध्ये सरकारनेच वाट मोकळी केली. नव्वदीची म्हातारी ६३ वर्षांनी परत आली. अशील म्हणून अशी बाई मिळाली तर मी फी घेणार नाही. आणि विरुद्ध बाजूला मिळाली तर केस घेणार नाही.

तिरकस

आणि त्या ओटोचा किस्सा कसा विसरलात? म्हातारपणी कोणीतरी म्हणालं, आज ऑस्ट्रिया-हंगेरीची फुटबॉल मॅच आहे. हा म्हणे, 'हो का? कोणाविरुद्ध?'

नाणेघाट

खरा असो वा नसो, जपून ठेवण्यासारखा आहे. ओटो वीस वर्षं युरोपीय संसदेत होता, १९७९ ते १९९९, बव्हेरियाकडून. १९८८ मध्ये पोपांच्या भाषणात आरडाओरडा करणाऱ्या उत्तर आयर्लंडच्या इयन पेस्लीला बाहेर काढणाऱ्यांत पंचाहत्तरीचा ओटोही होता. बापाची भीड याला नव्हती.

मनमोकळी

दागिन्यांचं काय झालं? राजे पळाले की दागिने असतातच.

नाणेघाट

होते. नोव्हेंबर १९१८ च्या सुरुवातीलाच व्हिएन्नाच्या खजिन्यातून कुटुंबाचे म्हणवणारे दागिने स्वित्झर्लंडला हलवले. त्यात फ्लोरेन्टाइन हिरा, पिवळसर, १३७ कॅरेटचा. पुढे तो दिसेनासा झाला. चोरला, कापला, विकला अशा शंभर कथा. माझ्याकडच्या जुन्या पुस्तकातही 'हरवलेला' असंच आहे. आणि २०२५ च्या नोव्हेंबरमध्ये कुटुंबाने सांगितलं की तो कॅनडात बँकेच्या लॉकरमध्ये आहे! झिटाने १९४० मध्ये सुटकेसमधून नेलेला. दोन मुलांनाच ठाऊक, आणि तिची अट अशी की कार्लच्या मृत्यूला शंभर वर्षं होईपर्यंत बोलायचं नाही.

वकिलीणबाई

म्हणजे इकडे डॉक्टरच्या खर्चाचा विचार, आणि तिकडे तो हिरा. आता प्रश्न येतो की तो कुटुंबाचा की राज्याचा. ऑस्ट्रियात त्यावर लगेच विचारणा सुरू झाली म्हणे. मला कोणी बोलावलं तर मी तयार आहे.

फिरस्ता७२

नाणेघाट, हे मला माहीत नव्हतं. मदेरात असताना ठाऊक असतं तर त्या पेटीपाशी वेगळ्याच नजरेने उभा राहिलो असतो.

बरं, मूळ प्रश्नाकडे. मास्तर आणि कोकणकडा दोघांचं वाचून माझं मत थोडं सरकलंय. राज्य त्याने बुडवलं नाही. अमेरिकेच्या अध्यक्ष विल्सनने ऑक्टोबर १९१८ मध्ये कळवलंच होतं की आता नुसत्या स्वायत्ततेवर भागणार नाही, त्या दिवशी खेळ आटपला. पण १९१७ मध्ये जी एक फट होती ती याने अर्ध्या मनाने ढकलली आणि बोटं चेमटून घेतली. कच्चं लिंबू मात्र नाही म्हणणार. कच्च्या लिंबावर राज्य येत नाही, याच्यावर आलं.

कोकणकडा

'बोटं चेमटून घेतली' इथे तडजोड मान्य.

मनमोकळी

व्हिएन्नाकर, एक शेवटचं. त्याला अजून तिकडेच ठेवलाय, घरी का नाही आणला?

व्हिएन्नाकर

कापुचिन मठाच्या तळघरात सगळं घराणं आहे. तिथे कार्लचा नुसता अर्धपुतळा. झिटाची पेटी त्याच्या शेजारी. तिला १ एप्रिल १९८९ ला, म्हणजे त्याच्या मृत्यूच्याच तारखेला, इथे आणलं, आणि फ्रान्झ योजेफची पेटी वाहिलेली १९१६ ची गाडीच बाहेर काढली होती. मठाचं दार ठोठावतात. आतून विचारतात, कोण? बाहेरून सगळ्या पदव्या सांगतात, सम्राज्ञी, राणी अमुक तमुक. आतून उत्तर, ओळखत नाही. शेवटी 'झिटा, एक मर्त्य पापी' म्हटल्यावर दार उघडतं.

कार्लला मदेरातून हलवायचा विषय मधूनमधून निघतो, पण त्या बेटाने त्याला आसरा दिला आणि तिथल्या लोकांना तो आपला वाटतो. मात्र त्याचं हृदय स्वित्झर्लंडमध्ये मुरीच्या मठात ठेवलंय. झिटाचंही तिथेच नेऊन त्याच्या बाजूला ठेवलं.

तिरकस

आधार कार्डावर पत्ता काय टाकायचा मग?

वकिलीणबाई

कायमचा पत्ता मुरी. पत्रव्यवहाराचा, माँते.

मांडवीकाठी

काका, पुढच्या खेपेला जाल तेव्हा आमच्यातर्फे एक मेणबत्ती लावा. आणि ती टोपलीची घसरगाडी राहिलीच का तुमची?

फिरस्ता७२

मेणबत्ती नक्की. टोपलीत बसलो हो, पाऊस थांबल्यावर. मुलगी किंचाळत होती आणि मी सारखा मागे वळून चर्चकडे बघत होतो. मागच्या माणसाने पोर्तुगीजमध्ये दटावलं, पुढे बघा म्हणून.